दिव्यासाठी गुहेत कोण उतरले?

लोककथेला कर्ता नसतो, असे आपल्याला शाळेपासून शिकवले जाते. लोककथा ‘लोकांची’ असते, ती तोंडातोंडी चालत येते आणि म्हणून तिच्यावर कोणाचे नाव नसते, हे विधान इतक्या वेळा उच्चारले गेले आहे की ते तपासून पाहावे असे कोणाला वाटत नाही. पण ज्या समाजात लिहिण्याचा अधिकार मूठभरांच्या हाती राहिला आणि बाकीच्यांच्या वाट्याला फक्त बोलणे, गाणे व ऐकणे आले, त्या समाजातील माणसाने तरी हे विधान जसेच्या तसे स्वीकारता कामा नये. लोककथेला कर्ता नसतो, की कर्त्याचे नाव लिहिले जात नाही? हे दोन वेगळे प्रश्न आहेत आणि त्यांची उत्तरेही वेगळी आहेत.

हा प्रश्न आज नव्याने उभा करण्याचे कारण असे की, पुराणकथा आणि लोककथा आता ग्रंथात राहिलेल्या नाहीत. विसाव्या शतकात त्या पडद्यावर गेल्या आणि शतकाच्या शेवटी पडद्यावरून व्हिडिओ गेममध्ये उतरल्या. ग्रीकांचा हर्क्युलिस १९९७ साली अमेरिकन व्यंगपट झाला आणि त्याच वर्षी त्याचा खेळ विकला गेला. चिनी लोकगाथेतील मुलानचे १९९८ साली तेच झाले. आपल्याकडे तालुक्याच्या गावी व्हिडिओ गेमची दुकाने निघाली, घरोघरी दूरदर्शन संचाला जोडायचा स्वस्त खेळ आणि त्याची कॅसेट आली, आणि आता तो खेळ मोबाइलवर प्रत्येक पोराच्या हातात आहे. आजीच्या तोंडून कथा ऐकणारे मूल आता कथा ‘खेळते’. या स्थित्यंतराकडे करमणुकीचा विषय म्हणून पाहणे ही चूक ठरेल. संस्कृतीचे वर्चस्व नेहमी करमणुकीच्या दारानेच घरात शिरत आलेले आहे.

या चर्चेसाठी मी एकच कथा घेतो : अल्लादीन आणि जादूचा दिवा. तिच्या प्रवासातील जवळजवळ प्रत्येक टप्प्याला तारीख आहे, कागद आहे, आणि मुख्य म्हणजे तिला कर्ता आहे.

१

मराठी वाचकाला ही कथा ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी’ या ग्रंथामुळे ठाऊक झाली. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी एकोणिसाव्या शतकात हे भाषांतर हाती घेतले आणि त्यांचे चिरंजीव विष्णुशास्त्री व हरि कृष्ण दामले यांनी ते पुढे नेले. १९५२ साली मुंबईत होमी वाडियांनी ‘अलादीन और जादुई चिराग’ हा बोलपट काढला. त्यात महिपाल आणि मीनाकुमारी होते. सर्वांची समजूत एकच होती : ही एक प्राचीन अरबी कथा आहे आणि ती एका प्राचीन अरबी ग्रंथात आहे.

वस्तुस्थिती वेगळी आहे. फ्रेंच पंडित आंत्वान गालाँ याने १७०४ पासून ‘एक हजार एक रात्री’ या अरबी कथांचे फ्रेंच भाषांतर छापायला सुरुवात केली. त्याच्यापाशी सीरियातून आलेले एक जुने हस्तलिखित होते, पण त्यात तीनशे रात्रीसुद्धा भरत नव्हत्या. पुस्तके तर हातोहात खपत होती, प्रकाशकाला आणखी हवी होती आणि पंडिताजवळच्या कथा संपल्या होत्या. नेमक्या या अडचणीच्या वेळी, १७०९ च्या मार्च महिन्यात, पॅरिसमध्ये त्याची गाठ विशीतल्या एका तरुणाशी पडली. तरुणाचे नाव हन्ना दियाब. तो अलेप्पो शहरचा, मॅरोनाइट ख्रिस्ती पंथाचा, फ्रेंच व्यापाऱ्यांच्या पेढीत काम केलेला, भाषा जाणणारा, पण कोणताही मानमरातब नसलेला माणूस होता. त्याने पुढच्या काही आठवड्यांत गालाँला पंधराच्या वर कथा सांगितल्या. दिव्याची कथा त्याने मे महिन्यात सांगितली आणि ती अरबीत लिहूनही दिली. अलीबाबा व चाळीस चोर ही कथाही त्याचीच. गालाँने या कथांतल्या दहा निवडल्या आणि फुलवून लिहून काढल्या. अल्लादीनची कथा १७१२ साली छापली गेली. अलीबाबाची कथा गालाँच्या मृत्यूनंतर, १७१७ साली आली. संपूर्ण जगाला ‘अरेबियन नाइट्स’ म्हणून ज्या दोन कथा सर्वांत आधी आठवतात, त्या दोन्ही त्या ग्रंथाच्या जुन्या हस्तलिखितात नाहीत. त्या एका तरुणाच्या तोंडी होत्या.

गालाँने आपल्या खाजगी रोजनिशीत हन्नाचे नाव, तारीख, कथेचा सारांश सारे प्रामाणिकपणे टिपून ठेवले. छापील ग्रंथात मात्र ते नाव नाही. रोजनिशीत जागा आहे आणि ग्रंथात नाही, हा भेद आपण नीट ओळखतो. आपल्या देशात ज्याच्या हातचे काम चालते त्याच्या हातचे पाणी चालत नाही, तसाच हा भेद आहे.

पुढची हकीकत अधिक बोलकी आहे. विद्वानांना हे पटेना की इतकी प्रसिद्ध कथा कुठल्याही पोथीत नाही. ते अरबी मूळ शोधू लागले. आणि शोधणाऱ्याला सापडतेच! पॅरिसमध्ये अल्लादीनच्या कथेची दोन अरबी हस्तलिखिते निघाली आणि एकोणिसाव्या शतकात त्यांतील एकाचा ‘मूळ पाठ’ म्हणून गौरवही झाला. मुहसिन महदी या अभ्यासकाने विसाव्या शतकाच्या अखेरीस सिद्ध केले की ही हस्तलिखिते बनावट होती, म्हणजे गालाँच्या फ्रेंच कथेवरूनच ती उलट अरबीत उतरवलेली होती. सांगणारा माणूस रोजनिशीत नावानिशी हजर होता, तरी विद्वत्तेला पोथी हवी होती, आणि पोथी नव्हती म्हणून ती तयार झाली. ग्रंथप्रामाण्य हा केवळ आपल्या शास्त्रीपंडितांचा रोग नाही. तोंडापेक्षा पोथी खरी, हा समज जिथे जिथे रुजतो तिथे तिथे बोलणारा माणूस खोटा ठरतो.

२

हन्ना दियाब स्वतः मूक नव्हता. म्हातारपणी, १७६४ च्या सुमारास, त्याने आपल्या तरुणपणच्या प्रवासाचे आत्मवृत्त बोलीच्या वळणाच्या अरबीत लिहिले. त्याची पहिली पाने हरवली आहेत. ते हस्तलिखित व्हॅटिकनच्या ग्रंथालयात पडून होते. १९९३ साली जेरोम लाँतँ या फ्रेंच अभ्यासकाने ते हन्नाचे आहे हे ओळखले, २०१५ साली त्याचे फ्रेंच भाषांतर आणि २०२१ साली इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध झाले. अडीचशे वर्षे हा माणूस आपली साक्ष लिहून ठेवून वाट पाहत होता.

त्या साक्षीत काय आहे? पॉल ल्युका नावाचा एक फ्रेंच प्रवासी राजा चौदाव्या लुईसाठी जुनी नाणी, हस्तलिखिते, रत्ने गोळा करीत पूर्वेकडे हिंडत होता. त्याने हन्नाला दुभाषा म्हणून बरोबर घेतले आणि पॅरिसला गेल्यावर राजाच्या ग्रंथालयात नोकरी मिळवून देण्याचे आमिष दाखवले. सायप्रस, इजिप्त, ट्युनिस, इटली असा प्रवास करीत ते फ्रान्सला पोचले. व्हर्सायच्या राजवाड्यात हन्नाला पौर्वात्य पोशाखात, हातात वाळवंटी उंदरांचा पिंजरा देऊन राजापुढे उभे केले गेले. उंदीर पाहायचे होते की माणूस, हे दरबारालाच ठाऊक! नोकरी मिळाली नाही. आपल्याला दूर सारण्यामागे त्या पंडिताचा हात होता, असा संशय हन्नाने नोंदवला आहे. १७०९ च्या मध्यावर त्याने पॅरिस सोडले, १७१० मध्ये तो अलेप्पोला परतला आणि कापडाच्या धंद्यात त्याने आयुष्य काढले. सांगितलेल्या कथांविषयी तो एवढेच लिहितो की, एका म्हाताऱ्या गृहस्थाला आपल्या पुस्तकासाठी काही गोष्टी कमी पडत होत्या, त्या मी सांगितल्या, आणि तो खूश झाला. आपल्या कथांचे पुढे काय झाले याचा त्याला पत्ता नसावा.

या आत्मवृत्तातला एक प्रसंग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. सीरियात प्रवासाच्या आरंभी ल्युकाला एक जुने थडगे दिसले. आत काय आहे हे त्याला हवे होते, पण स्वतः उतरायची तयारी नव्हती. जवळच शेळ्या राखणारा एक गुराखी होता. त्याला पैसे देऊन त्या भोकातून आत उतरवण्यात आले. तो एक अंगठी आणि एक दिवा घेऊन वर आला. वस्तू ल्युकाने घेतल्या. गुराख्याचे नाव हन्नानेही लिहिलेले नाही.

आता अल्लादीनची कथा आठवा. शिंपी मुस्तफाचा पोरका मुलगा. कथा घडते चीन देशात. आई कापूस कातून घर चालवते. एके दिवशी दूरच्या मुलखातला एक जादूगार येतो, मी तुझा चुलता म्हणून सांगतो, नवे कपडे घेतो, दुकान घालून देतो म्हणतो, आणि पोराला गावाबाहेर नेऊन एका भुयाराच्या तोंडाशी उभे करतो. बोटात अंगठी घालतो आणि सांगतो : उतर, आतला दिवा आण. अंगठी, दिवा, पोरगा, भोक आणि वर उभा असलेला परका सद्गृहस्थ : थडग्यापाशी जे घडले ते सारे इथे आहे. हन्नाने त्या प्रसंगावरूनच कथा रचली असे ठामपणे म्हणता येणार नाही, कारण अशा कथा त्याच्या प्रदेशात आधीही असतील. पण काही अभ्यासक या कथेत हन्नाच्या स्वतःच्या आयुष्याचे प्रतिबिंब पाहतात आणि ते निराधार नाही. भोकात कोणाला उतरवले जाते आणि वर कोण उभा राहतो, हे कथा सांगणाऱ्याने डोळ्यांनी पाहिले होते.

कथेतला पोरगा गुराख्यासारखा वागत नाही, हे मात्र ध्यानात घेतले पाहिजे. भुयाराच्या तोंडाशी आल्यावर जादूगार म्हणतो, आधी दिवा दे. पोरगा म्हणतो, आधी मला वर घे, मग दिवा देतो. कथेत याचे कारण साधे दिले आहे : दिवा अंगरख्यात खाली आहे आणि वरून रत्ने भरली आहेत. पण कारण काही असो, हा नकार आहे. त्या नकारापायी त्याला आत गाडले जाते आणि त्या नकारामुळेच दिवा त्याच्या हाती राहतो. वर उभ्या असलेल्याच्या शब्दावर विश्वास ठेवून त्याने दिवा दिला असता तर पुढे कथाच उरली नसती.

हे वाचताना आपल्या वाचकाला भुयाराऐवजी दुसरे काही दिसले तर ते नवल नाही. आपल्या शहरांत आजही माणसे गटारात उतरवली जातात. ती कोणत्या जातींची असतात हे सांगायला नको. हाताने मैला साफ करण्याच्या प्रथेविरुद्धचा पहिला केंद्रीय कायदा १९९३ साली झाला, दुसरा २०१३ साली. १९९३ पासून गटारात मेलेल्यांच्या कुटुंबांना दहा लाख रुपये द्या, असे सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१४ मध्ये सांगितले आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये ही रक्कम तीस लाख केली. रक्कम वाढते, कायदे होतात, पण ‘आधी वर घे’ म्हणण्याची ताकद उतरणाऱ्याच्या हाती अजून आलेली नाही.

३

१९९२ च्या नोव्हेंबरमध्ये डिस्नेचा ‘अलादीन’ हा व्यंगपट आला. जॉन मस्कर आणि रॉन क्लेमेंट्स हे त्याचे दिग्दर्शक. चीन गेला. कथा आधी बगदादमध्ये घडायची होती, पण १९९१ चे आखाती युद्ध झाले आणि बगदादचे नाव काढून ‘अग्रबा’ हे काल्पनिक शहर योजले गेले. ज्या शहरावर बॉम्ब पडले त्याचे नाव बालचित्रपटात अडचणीचे झाले! कातणारी आई मसुद्यात होती, तिच्यासाठी गाणेही तयार होते, पण दोन्ही कापले गेले. शिंप्याचा मुलगा अनाथ भुरटा चोर झाला. म्हणजे कथेतून श्रम गेले. गरिबी राहिली, पण ती कामकऱ्याची न राहता उनाड पोराची झाली.

नायकाच्या चेहऱ्याला टॉम क्रूझचा आधार घेतला होता. नायक आणि राजकन्या गोऱ्यांच्या धाटणीची, अमेरिकन इंग्रजी बोलणारी. शिपाई आणि बाजारातले दुकानदार मात्र वाकड्या नाकाचे, जाड ओठांचे, परक्या हेलात बोलणारे. पहिल्याच गाण्यात असा उल्लेख होता की या मुलखात तोंड आवडले नाही तर कान कापतात. अमेरिकेतील अरब वंशाच्या लोकांच्या भेदभावविरोधी समितीने याविरुद्ध आवाज उठवला आणि १९९३ साली घरगुती व्हिडिओ फितीत ती ओळ बदलली गेली. त्याच गाण्यातला ‘रानटी’ या अर्थाचा शब्द मात्र तसाच राहिला. तो २०१९ च्या नव्या चित्रपटात बदलला. एका शब्दाला २६ वर्षे लागली. अवमान झालेल्यांनी तक्रार करायची आणि करमणूक करणाऱ्यांनी एक एक शब्द मोजून परत द्यायचा, हा हिशेब आपल्यालाही नवा नाही.

तरीही या चित्रपटाला न्याय दिला पाहिजे. जुन्या कथेत दिव्यातला जिन हा ‘दिव्याचा गुलाम’ आहे आणि शेवटपर्यंत गुलामच राहतो. अल्लादीन राजा होतो, पण दिवा आणि त्यातला गुलाम पेटीत जपून ठेवतो. गरिबीतून वर आलेल्याला दुसऱ्याची गुलामी खटकत नाही. चित्रपटात मात्र नायक आपली तिसरी इच्छा जिनच्या मुक्तीसाठी खर्च करतो. हा बदल मूळ कथेपेक्षा पुढचा आहे आणि तो अमेरिकेसारख्या, गुलामगिरीचा इतिहास असलेल्या देशात व्हावा याला अर्थ आहे.

आणखी एक दृश्य. चित्रपटाच्या आरंभीच जाफर हा वजीर एका चोराला गुहेत पाठवतो. गुहा त्याला गिळते. जाफरला दुःख नाही, त्याला दुसरा माणूस शोधायचा आहे. प्रेक्षकही त्या पहिल्या माणसाला लगेच विसरतो, कारण कथा त्याची नसते.

४

१९९३ साली या चित्रपटाचे खेळ बाजारात आले. सेगाच्या यंत्रासाठी व्हर्जिन कंपनीने एक खेळ काढला. त्याची प्रोग्रॅमिंगची धुरा डेव्हिड पेरी याच्याकडे होती आणि आकृत्या डिस्नेच्याच चित्रकारांनी कागदावर काढून यंत्रात उतरवल्या. निन्टेन्डोच्या यंत्रासाठी जपानच्या कॅपकॉमने दुसरा खेळ काढला. त्याची आखणी शिंजी मिकामी याची. एकाच चित्रपटाचे, एकाच वर्षीचे हे दोन खेळ वेगळे आहेत. व्हर्जिनच्या खेळात अल्लादीनच्या हाती तलवार आहे. कॅपकॉमच्या खेळात ती नाही. तो उड्या मारतो, सफरचंदे फेकतो, चादर पसरून हवेत तरंगतो. म्हणजे तलवार कथेची गरज नव्हती. ती एका निर्मात्याची निवड होती. ‘खेळ म्हटला की मारामारी आलीच’ असे जे म्हणतात त्यांनी हे लक्षात ठेवावे.

तलवारीच्या खेळाची रचना पाहा. पहिली पातळी बाजाराची. समोरून शिपाई येतो, तलवारीने किंवा सफरचंदाने त्याला बाजूला करायचे. रत्ने वेचायची आणि फिरत्या विक्रेत्याकडे ती देऊन जादा ‘लाइफ’ विकत घ्यायची. पुढे वाळवंट, छपरे, सुलतानाची कोठडी, मग गुहा. जिनच्या तोंडाचे शिक्के गोळा केले की पातळीच्या शेवटी नशिबाचा एक छोटा डाव मिळतो. कथेत जो गुलाम होता, चित्रपटात जो मुक्त झाला, तो खेळात बक्षिसाचा शिक्का झाला.

आणि गुहा? गुहा ही एक पातळी आहे. तिच्या तोंडाशी ‘आधी दिवा दे’ म्हणणारा कोणी नाही आणि ‘आधी वर घे’ म्हणायची सोय नाही. उडी मारायची, पडलात तर एक लाइफ कमी. सौदा, संशय, नकार, म्हणजे जे या कथेचे मर्म होते, ते सारे गळून फक्त चपळाई उरली. हा खेळ सुंदर नाही असे मी म्हणत नाही. त्यातल्या आकृतींची हालचाल आजही पाहत राहावी अशी आहे. प्रश्न सौंदर्याचा नाही.

प्रश्न असा की, कथा ऐकताना श्रोता मध्येच विचारू शकतो : आजी, त्या शिपायाचे पुढे काय झाले? सांगणारी उत्तर देते, नाहीतर नवे रचते. चित्रपटात प्रेक्षक विचारू शकत नाही, पण तो निदान मनात विरोध करू शकतो, खलनायकाची कीव करू शकतो. खेळात मात्र त्याला स्वतःच्या अंगठ्याने बटण दाबावे लागते. शिपाई शत्रू आहे हे मान्य केल्याशिवाय पातळी पुढे सरकत नाही. ग्रंथाने सांगितलेला शत्रू तुम्ही नाकारू शकता. खेळाने सांगितलेला शत्रू नाकारायचा तर खेळच बंद करावा लागतो. वर्चस्वाच्या दृष्टीने पाहता आजवरच्या कुठल्याही माध्यमापेक्षा हे माध्यम प्रबळ आहे, कारण इथे संमती शब्दांनी घेतली जात नाही, हातांनी घेतली जाते.

मालकीचाही प्रश्न आहे. अल्लादीनची कथा कोणाच्याच मालकीची नाही, कारण ‘लोककथेला कर्ता नसतो’. पण त्या कथेवरून काढलेल्या चित्रपटाला मालक आहे, त्यातल्या आकृतींना मालक आहे. सगळ्या वाटेने मोबदला फिरला, तो उगमापाशी मात्र कधी पोचला नाही. हन्नाचे नाव ना चित्रपटात आहे ना खेळात. १९९३ साली अल्लादीनच्या खेळाच्या कॅसेटी विकल्या जात होत्या आणि त्याच वर्षी व्हॅटिकनच्या ग्रंथालयात एक अभ्यासक हन्नाची वही ओळखत होता. दोघांना एकमेकांचा पत्ता नव्हता.

५

आता आपल्या दाराशी येऊ. मराठीत मुलांना ही कथा सांगताना आपण दिव्यातल्या जिनला काय म्हणतो? आपण त्याला ‘राक्षस’ म्हणतो. दिवा घासला की राक्षस प्रकट होतो आणि हुकूम विचारतो. मूळ कथेत ज्याची ओळख गुलाम अशी आहे, एका रात्रीत राजवाडे बांधणारा, ताटे वाहून आणणारा, राबणारा असा जो आहे, त्याला आपल्या भाषेने राक्षस केले. हे कोणी कट करून केले नाही. आपल्या भाषेत अचाट राबणाऱ्या, काळ्या, धिप्पाड, परक्या देहासाठी हाच शब्द तयार होता.

हा शब्द कुठून आला याची झडती महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’त घेतली. बळी हा पाताळात घालण्याजोगा दैत्य नसून रयतेचा राजा होता आणि वामन हा त्याचे राज्य हिरावणारा होता, अशी त्यांनी मांडणी केली. आपल्या शिवारातला म्हसोबा म्हणजे बळीच्या राज्यातला ‘महासुभा’ हा अधिकारी, असे ते म्हणाले. त्यांची शब्दव्युत्पत्ती भाषाशास्त्राला मान्य होते की नाही हा वेगळा विषय. त्यांनी बजावलेला अधिकार महत्त्वाचा : पुराणातला शत्रू कोण हे आम्ही ठरवू. ज्या विष्णुशास्त्र्यांच्या घराण्याने अरबी कथा मराठीत आणल्या, त्याच विष्णुशास्त्र्यांनी जोतीरावांच्या भाषेची निबंधमालेत टिंगल केली. बगदादच्या चमत्काराला मराठीत जागा मिळाली, बळीराजाच्या नव्या अर्थाला मात्र व्याकरणाची कात्री लागली. पुढे बाबासाहेबांच्या ‘रिडल्स इन हिंदुइझम’चे महाराष्ट्र शासनाने १९८७ साली प्रकाशन केले तेव्हा राम-कृष्णांवरील प्रकरणावरून केवढे वादळ उठले आणि दलित जनतेला रस्त्यावर यावे लागले, हे अनेकांना आठवत असेल. पुराणकथा ही केवळ कथा असती तर एवढे रण माजले नसते.

हे सारे खेळांशी कसे जोडलेले आहे? २०२० साली पुण्यातल्या एका संस्थेने ‘राजी : अॅन एन्शंट एपिक’ हा खेळ काढला आणि तो जगभर वाखाणला गेला. त्याची नायिका राजी ही कसरतीचे खेळ करून पोट भरणारी अनाथ मुलगी आहे. असुर तिच्या धाकट्या भावाला पळवतात आणि दुर्गा व विष्णू तिला शस्त्रबळ देतात. गावोगाव दोरीवर चालणाऱ्या पोरीला आजवर आपल्या साहित्यानेसुद्धा क्वचितच नायिका केले. ती इथे नायिका झाली याचे स्वागत केले पाहिजे. पण तिला लढायचे आहे ते कोणाशी? असुरांशी. दोरीवरच्या पोरीच्या हाती त्रिशूळ दिला गेला, पण शत्रू कोण हे पुराणाने आधीच ठरवून ठेवले आहे. आणि खेळणारा जर म्हसोबाला नारळ फोडणाऱ्या घरातला असेल, तर त्याचा अंगठा कोणाविरुद्ध बटण दाबतो आहे? निर्मात्यांच्या हेतूविषयी मला शंका घ्यायची नाही. परंपरेचा साचा हेतूपेक्षा बलवान असतो, एवढेच सांगायचे आहे.

६

मग काय करावे? बंदी मागावी, खेळ जाळावेत, भावना दुखावल्याच्या फिर्यादी कराव्यात, हा आपला मार्ग नाही. तो मार्ग ज्यांनी बाबासाहेबांचा ग्रंथ जाळला त्यांचा आहे. आपल्याकडे दुसरी परंपरा आहे. सत्यशोधक जलशांनी तमाशाचाच साचा उचलला आणि त्यातला आशय पालटला. भीमराव कर्डकांसारख्या शाहिरांनी आंबेडकरी जलशातून तेच काम पुढे नेले. प्रस्थापितांचे माध्यम म्हणून त्यांनी रंगमंच नाकारला नाही, ते त्यावर चढले. आज खेळ घडवण्याची साधने महाविद्यालयातल्या मुलांच्या आवाक्यात आली आहेत. वामनाच्या बाजूने नव्हे तर बळीच्या बाजूने खेळायचा खेळ कोणी का घडवू नये? उतरण्यास नकार दिला तरच पुढची पातळी उघडते, असा खेळ का नसावा?

पण त्याआधीचे काम अधिक साधे आणि अधिक तातडीचे आहे. आपल्या वस्त्यांत अजून कथा सांगणारी माणसे आहेत : जात्यावरच्या म्हाताऱ्या, पोतराज, गोंधळी, जलशात उभे राहिलेले शाहीर. शिक्षकांनी आणि विद्यार्थ्यांनी त्यांच्या कथा टिपून घ्याव्यात आणि प्रत्येक कथेखाली सांगणाऱ्याचे नाव, गाव आणि तारीख लिहावी. ‘लोककथा’ एवढेच लिहून थांबू नये. उद्या कोणी त्यावर चित्रपट काढील, खेळ काढील, त्याला मनाई नाही, पण ‘ही कथा कोणाची नव्हती’ असे म्हणण्याची सोय त्याला ठेवू नये. गालाँने निदान रोजनिशीत नाव लिहिले, म्हणून तीनशे वर्षांनी का होईना हन्ना सापडला.

थडग्यात उतरलेल्या गुराख्याचे नाव मात्र कुठल्याच वहीत नाही. ते आता मिळणार नाही. गटारात उतरलेल्यांची नावे मिळू शकतात. ती पालिकेच्या कागदांत आहेत, न्यायालयाच्या निकालांत आहेत, त्यांच्या बायकापोरांच्या तोंडी आहेत. कथा गोळा करायला निघालेल्या विद्यार्थ्याने वहीचे पहिले पान त्यांच्यासाठी राखून ठेवावे.